सोंगफेरी आणि अम्माचा संप

"आणि ह्यात मी कोठें?" अंबुजानं विचारलं.

गच्चीवर ऊन चढत होतं. फ्रिजच्या दोन खोक्यांची एकावर एक माडी चढवून विश्वेश आणि इरानं चार दिवस खपून घर उभं केलं होतं. वरच्या मजल्यावर कागदाच्या लगद्याचा एक म्हातारा होता. जाड चष्मा, काखेत छत्री. खालच्या मजल्यावर दुसरा म्हातारा, मिशीवाला, हातात ब्रश. दोघांच्या पाठी एकमेकांकडे. आणि दोघांच्या मधोमध सायकलच्या जुन्या चाकावरून फिरणारी एक दोरी होती, दोरीला टोपली. विश्वेशनं दोरी ओढली की टोपली डुलत वर जायची आणि वरच्या म्हाताऱ्याच्या नाकावर आपटायची. हे पाहून इरा रोज नव्यानं हसायची.

"अम्मा, तू ही दोरी," विश्वेश म्हणाला आणि हसला.

हसणारा तो एकटाच होता. अंबुजानं दोरीला बोट लावून पाहिलं. कपडे वाळत घालायची जुनी निळी नायलॉनची दोरी होती, मधे दोन गाठी मारलेल्या.

"छान आहे," ती म्हणाली, आणि जिना उतरून गेली.

तुळजाराव स्ट्रीट म्हणजे चेन्नईच्या मैलापुरातली जेमतेम चाळीस घरांची गल्ली. निम्म्या घरांत तंजावरहून आलेली मराठी कुटुंबं, निम्म्यांत तमिळ. भोगीच्या दिवशी घरातलं जुनंपानं दाराशी जाळायची चाल सगळीकडेच होती. अडतीस वर्षांपूर्वी शाळेत चित्रकला शिकवणाऱ्या बालाजीरावांनी गल्लीला सुचवलं की जाळायचंच आहे तर आधी त्याची सोंगं करू. तेव्हापासून भोगीच्या आधीच्या रविवारी सकाळी सोंगफेरी निघते. नियम तीन. एक पैशाची वस्तू विकत आणायची नाही, सगळं अडगळीतलं. मस्करी करायची ती आपल्याच गल्लीची. आणि ज्याची मस्करी झाली त्यानं रागवायचं नाही, सगळ्यांना कापी, म्हणजे कॉफी, पाजायची.

तिसरा नियम एकदाच मोडला होता, आणि तो बालाजीरावांच्या सख्ख्या थोरल्या भावानं, गुरुराजनं मोडला. त्याला आता बारा वर्षं झाली. गुरुराज पहिल्या मजल्यावर, बालाजीराव तळमजल्यावर, एकच पाण्याची टाकी, एकच मोटर, एकच जिना. बोलणं बंद. वरचा निरोप खाली आणि खालचा वर पोचवायचं काम गुरुराजांच्या बायकोकडे, अंबुजाकडे आलं, आणि ते तिच्याकडे कसं आलं हे कोणी विचारलं नाही.

दुपारी गुरुराज वर्तमानपत्रातून डोकं न काढता म्हणाले, "खाली सांग, मोटर बंद करायला. टाकी भरली असेल."

अंबुजा घेवड्याच्या शेंगा मोडत बसली होती. "तुम्हीच सांगा."

"काय?"

"आजपासून मी निरोप नेणार नाही. वरचे खाली नाही, खालचे वर नाही. माझा संप आहे."

गुरुराजांनी चष्मा कपाळावर सरकवला. सचिवालयात पस्तीस वर्षं त्यांनी लोकांचे संप पाहिले होते, पण त्या लोकांच्या मागण्या छापील असत. "तुला पाहिजे तरी काय?"

"काही नको. शेंगा मोडायच्या आहेत."

मोटर चालूच राहिली. वीस मिनिटांत टाकी भरून वाहायला लागली, गच्चीवरून पाणी जिन्यात आलं आणि पायरी पायरी करत खाली निघालं. गुरुराज जिन्याच्या वरच्या टोकाला येऊन उभे राहिले. खालच्या टोकाला बालाजीराव, लुंगी गुडघ्यापर्यंत धरून. दोघांनी पाण्याकडे पाहिलं.

"काही लोकांस मोटर चालू करता येते, बंद करता येत नाही," गुरुराज भिंतीला म्हणाले.

"काही लोकांस ओरडून सांगता येत होतं," बालाजीराव विजेच्या मीटरला म्हणाले. "कान आहेत की मज."

मधल्या पायरीवर विश्वेश फडकं घेऊन उकिडवा बसला होता. नुंगंबाक्कमच्या ऑफिसात रजा टाकून तो सोंग रंगवायला घरी राहिला होता. त्यानं एकदा वर पाहिलं, एकदा खाली पाहिलं, आणि आयुष्यात प्रथमच त्याच्या लक्षात आलं की ह्या जागेवर उभं राहिलं की दोन्हीकडून ओलं व्हायला होतं.

"अम्मा!" त्यानं हाक मारली.

"मी नाही," आतून उत्तर आलं.

*

इराला ह्या घरात येऊन दोन वर्षं झाली होती. ती साताऱ्याची, गाड्या बनवणाऱ्या कंपनीत नोकरीसाठी चेन्नईला आलेली. मराठी सासर मिळालं म्हणून तिची आई समाधानानं रडली होती. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात सासू म्हणाली, "अस्के जेवायला आले काय बघ," आणि इरा 'अस्के' नावाच्या पाहुण्यांना शोधत फाटकापर्यंत गेली होती. अस्के म्हणजे सगळे, हे तिला विश्वेशनं नंतर सांगितलं, पोट धरून हसत. बालाजीराव काका 'मी सांगितलं' म्हणायच्या ऐवजी 'मी सांगितलों' म्हणत, आणि तिला वाटे की एखादी जुनी पोथीच लुंगी नेसून आपल्याशी बोलते आहे.

शुक्रवारी संध्याकाळी ती कात्री मागायला खाली गेली. बालाजीराव टेबलाशी बसून जुन्या रेक्झिनमधून कावळा कापत होते. निदान कापायचा प्रयत्न करत होते. उजवा हात थरथरत होता आणि कावळ्याची चोच पोटापर्यंत आली होती.

"पेलिकन झाला," बालाजीराव म्हणाले. "बस. तू काप, मी सांगतो."

इरानं कात्री घेतली. ते बोटानं हवेत रेघ काढत आणि ती तशी कापत जाई. हात हवेतही थरथरत होता, पण रेघ कुठं जायला हवी ते तिला बरोबर कळत होतं.

"डॉक्टर काय म्हणाले, काका?"

"म्हणाले, हात आता माझं ऐकणार नाही. मी म्हटलों, घरात दुसरं कोण ऐकतं?" ते हसले. "रंजनी न्यायला येते आहे. पोंगल झालं की कोइंबतूर. तिच्याकडे लिफ्ट आहे, नर्स आहे, अस्कं आहे. ही माझी शेवटची फेरी."

इराची कात्री थांबली. रंजनी म्हणजे त्यांची मुलगी. ती न्यायला येणार हे वरच्या मजल्यावर कोणालाच ठाऊक नव्हतं. कसं असणार? कालपासून निरोप नेणारं माणूस संपावर होतं.

"काका, तुमचं भांडण कशावरून झालं? विश्वेशला विचारलं तर तो म्हणतो, सोंगावरून."

"सोंगावरूनच." बालाजीरावांनी रेक्झिनचा कावळा उलटा करून पाहिला. "अण्णा तेव्हा गल्लीच्या असोसिएशनचा सेक्रेटरी. दर आठवड्याला कॉर्पोरेशनला इंग्रजीत पत्र. गटार, दिवे, कुत्रे. कावळे फार ओरडतात म्हणूनही एक पत्र लिहिलं होतं, खरं सांगतो. तर मी त्याचं सोंग केलों. डोक्याच्या जागी पोस्टाची पेटी, चष्मा लावलेली, आणि मागं पत्रांची लांब शेपूट. अस्की गल्ली हसली. अण्णाही हसत होता आधी. मग पेटी वळून त्याच्या दारापुढं आली आणि तो उठून आत गेला. दार लावलं. ते आजपर्यंत लावलेलंच."

"आणि तुम्ही विचारलं नाही?"

"विचारलों की! वैनीला सांगितलों, अण्णास विचार, माझं काय चुकलं. दुसऱ्या दिवशी सांगितलों. मग महिन्यानं. मग माझी बायको गेली त्या वर्षी. तीनदा. वरून उत्तर आलं नाही." त्यांनी कावळ्यावर बोट ठेवलं. "चोच जरा उघडी ठेव. ओरडणारा कावळा आहे तो."

*

इरानं वर येऊन जेव्हा विचारलं, तेव्हा अंबुजा दोशाचं पीठ वाटून भांड्यात काढत होती.

"अम्मा, काकांनी तीनदा विचारलं, माझं काय चुकलं म्हणून. अप्पांनी एकदाही उत्तर दिलं नाही? इतकं कोणी कठोर असतं का?"

अंबुजाचा हात भांड्यातच राहिला.

"आणि काका पोंगलनंतर जाणार आहेत," इरा म्हणाली. "कायमचे. रंजनीकडे."

"कोण म्हणालं?"

"तेच."

अंबुजानं हात धुतले. पदराला पुसले. मग इराला म्हणाली की तू जरा गॅसकडे बघ, आणि मागच्या खोलीत जाऊन पलंगावर बसली.

त्या सोंगाच्या दुपारी गुरुराज ह्याच पलंगावर बसले होते. पोस्टपेटीच्या पोटावर बालाजीरावांनी ठळक अक्षरांत लिहिलं होतं, 'उत्तर नाही.' गल्लीला ते कॉर्पोरेशनचं वाटलं. पण गुरुराज तेव्हा दर महिन्याला आणखी एक पत्र लिहीत होते, आणि ते अंबुजाखेरीज कोणाला माहीत नव्हतं. थोरला मुलगा शहाजी परदेशात होता. त्यानं तिकडच्या मुलीशी लग्न ठरवलं तेव्हा गुरुराज फोनवर म्हणाले होते, "मी येणार नाही, आणि तूही येऊ नकोस." पुढं सहा महिन्यांनी त्यांनी पहिलं माफीचं पत्र लिहिलं. मग दुसरं. शहाजी आईला फोन करी, अप्पा कसे आहेत हेही विचारी. पत्राला उत्तर दे, असं ती म्हणाली की "बघतो अम्मा" म्हणे. पत्र आलं नाही.

"माझ्या भावानं माझं हेच काढलं रस्त्यात," गुरुराज त्या दुपारी म्हणाले होते. "तू त्यास सांगितलीस?" तिनं नाही म्हटलं. "मग कोणासही सांगू नकोस. आणखी हसू नको मज."

दुसऱ्या दिवशी बालाजीराव विचारत आले. तो प्रश्न वर न्यायचा म्हणजे शहाजीचं नाव काढायचं, आणि त्या दिवसांत ते नाव निघालं की गुरुराज ताटावरून उठत. दोन दिवस जाऊ देत, असं ती मनाशी म्हणाली. महिन्यानं बालाजीरावांनी पुन्हा विचारलं, तेव्हा महिनाभर का नेलं नाही हेही सांगावं लागलं असतं. चार वर्षांनी तिसऱ्यांदा विचारलं, तेव्हा तर चार वर्षांचं. ती दर वेळी म्हणाली, "सांगते हं भाऊजी."

बारा वर्षं दोघं भाऊ एकमेकांना दगडाचे समजत होते. आणि मधली दोरी सगळ्यांना बिचारी वाटत होती.

अंबुजा उठली. कपाटावरून गेल्या वर्षांची कॅलेंडरं काढली, कात्री घेतली आणि टाचण्यांचा डबा घेतला. भोगीला जाळायला बाजूला काढलेलं विटकं हिरवं नऊवारी लुगडं तिनं गठ्ठ्यातून ओढलं.

"अम्मा, काय करतेस?" विश्वेशनं दारातून विचारलं.

"सोंग."

"अगं, पण आपलं सोंग तयार आहे."

"ते तुझं आहे. मी त्यात दोरी आहे. हे माझं." तिनं दार लावून घेतलं.

*

रविवारी सातलाच गल्ली भरली. चंद्रिका टीचर भोंगा घेऊन पिंपावर उभ्या होत्या. त्या दर वर्षी सोंगांची ओळख करून देत, आधी तमिळमध्ये आणि मग मराठीत, आणि दोन्हींत वेगवेगळे टोमणे मारत.

सर्वांत पुढं गादीच्या फोमचा, हातगाडीएवढा मेदूवडा निघाला. त्याच्यामागं पन्नास माणसं ताटल्या घेऊन, आणि सगळ्यांच्या मागं, मोडक्या फरशीपुसणीचा तंबोरा छेडत एक गायक, ज्याच्याकडे कोणी बघत नव्हतं. "डिसेंबरचा संगीत महोत्सव," चंद्रिका टीचर म्हणाल्या, "आपल्या गल्लीनं ह्या वर्षी एकही कँटीन चुकवली नाही!" त्यानंतर तीन मुली जुन्या पडद्यांचं, रस्ता खोदताना लावतात तसं बॅरिकेड अंगावर बांधून आल्या आणि चालताचालता एकदम कोणाच्याही समोर उभ्या राहून "दुसरीकडून जा" म्हणू लागल्या. खुद्द चंद्रिका टीचरांच्या यजमानांना त्यांनी तीनदा दुसरीकडून पाठवलं. मग गल्लीचा व्हॉट्सअॅप ग्रुप आला: टीव्हीच्या खोक्यात बसलेला गुंडो मामा, कानांत जास्वंदी, दर दोन मिनिटांनी डोकं बाहेर काढून "गुड मॉर्निंग!" ओरडणारा.

विश्वेश आणि इरा आपलं दुमजली घर चाकांच्या पाटावरून ओढत आले. टोपली वर गेली, म्हाताऱ्याच्या नाकावर आपटली, आणि गल्ली खदखदली. बालाजीराव आपल्या दाराशी खुर्चीवर बसले होते. तेही हसले. आपला लगद्याचा चेहरा आपल्यापेक्षा तरुण आहे, असं त्यांनी शेजाऱ्याला सांगितलं. वर गॅलरीत गुरुराज उभे होते. बारा वर्षं ते फेरीला खाली उतरत नसत, पण बघत मात्र पूर्ण. त्यांना खालून हसू ऐकू आलं आणि त्यांनी चष्मा पुसला. नाकाबद्दल त्यांचं काही म्हणणं होतं.

तेवढ्यात जिन्यातून अंबुजा बाहेर आली.

हिरव्या लुगड्यावर, खांद्यापासून पायापर्यंत, कॅलेंडरच्या पाठकोऱ्या कागदाचे तुकडे टाचलेले होते. ती चालली की सगळी सळसळ होई. विश्वेशच्या हातातून दोरी सुटली आणि टोपली खाली आदळली.

"अंबुजाक्का!" चंद्रिका टीचर पिंपावरून उतरल्या. "हे काय सोंग?"

"निरोप. बारा वर्षांचे. वाच मोठ्यानं."

चंद्रिका टीचरांनी भोंगा तोंडाशी धरला. "वरून खाली: मोटर बंद करा. खालून वर: बंदच आहे. वरून खाली: मग आवाज कसला? खालून वर: तुमच्या यजमानांच्या डोक्यातला. आणि खाली लिहिलंय... मी पोचवलें: पंख्याचा!"

गल्ली फुटली. बालाजीरावांनी कपाळाला हात लावला.

"वरून खाली: त्यास म्हणावं, खोकल्याचं औषध घे, गल्लीस झोप नाही. मी पोचवलें: हे काळजी करतात. खालून वर: अण्णाचं इंग्रजी ऐकून कावळे उठून जातात. मी पोचवलें: काही नाही, नुसती रसमची वाटी. वरून खाली: रसमला मीठ नाही. मी पोचवलें: फार आवडलं."

"म्हणून मी बारा वर्षं तसंच पाठवतोय!" बालाजीराव ओरडले. मेदूवड्यामागची पन्नास माणसं पुढं येऊन वाचायला लागली. गुंडो मामा खोक्यातून बाहेर निघाले.

गॅलरीत गुरुराजांचे कान तापले होते. आपली बायको, सत्तरी ओलांडलेली, कागद लावून रस्त्यात उभी, आणि लोक तिच्यावर वाकून हसताहेत. ते वहाणा न घालता जिना उतरले.

"अंबुजे, पोदुम! पुरे झालं. वर चल."

"चला," अंबुजा म्हणाली, आणि वळली.

तिच्या पाठीवर थोडेच कागद होते. चंद्रिका टीचरांनी एक वाचण्यासाठी भोंगा उचलला, पहिली ओळ पाहिली, आणि भोंगा खाली घेतला.

गुरुराज मागं उभे होते. समोर कागद आला की तो वरून खालपर्यंत वाचायचा, ही त्यांची पस्तीस वर्षांची सवय. वर लिहिलं होतं: हे मी पोचवलें नाही. त्याखाली: खालून वर, अण्णास विचार, माझं काय चुकलं. तीनदा. त्याखाली: वरून खाली, त्यास जेवायला वर बोलाव. मग म्हणाले, राहू दे. अकरा वेळा.

ते दोनदा वाचून झालं तरी ते हलले नाहीत.

"हे तो कधी विचारला?" त्यांनी अंबुजाच्या पाठीला विचारलं.

अंबुजा वळली नाही. तिला त्यांच्याकडे बघायचं धैर्य नव्हतं. "मज विचारू नका. तो तिथं बसला आहे."

गुरुराजांनी मान वळवली.

"सोंगाच्या दुसऱ्या दिवशी," बालाजीराव म्हणाले. खुर्चीचे हात धरून ते उठत होते. इरा आधार द्यायला धावली. "पहिल्यांदा तेव्हा विचारलों. अण्णा, तुला पोचलंच नाही?"

"नाही."

"वैनी?"

"माझी चूक," अंबुजा म्हणाली. "आज नेईन, उद्या नेईन, असं करत राहिलें. मग फार उशीर झाला. काय बोलायचं ते मज बोला."

मागं बॅरिकेडच्या मुली एका स्कूटरवाल्याला दुसरीकडून पाठवत होत्या, तेवढाच आवाज.

"पेटीवर काय लिहिला होतास तू?" गुरुराजांनी विचारलं.

"कुठल्या?"

"माझ्या डोक्याच्या पेटीवर. बारा वर्षं झाली. तुझंच अक्षर."

बालाजीराव आठवू लागले. "उत्तर नाही. असंच ना? अय्यो, अण्णा, ते कॉर्पोरेशनचं! तू पन्नास पत्रं टाकलास, त्यांनी एकाला..."

"मी शहाजीचं समजलों."

हे गुरुराज हळू म्हणाले, पण गल्ली इतकी गप्प होती की गॅलऱ्यांपर्यंत ऐकू गेलं असेल.

"शहाजीस तू पत्र लिहीत होतास?" बालाजीरावांचा आवाज उतरला. "मज काय ठाऊक अण्णा? कोणास ठाऊक होतं? तू तर म्हणायचास, त्याचं नाव काढू नका."

"तसंच म्हणत होतों."

"आलं का पुढं? उत्तर?"

"नाही," गुरुराज म्हणाले. "अजून लिहितो. महिन्याला एक."

बालाजीराव इराचा हात सोडून दोन पावलं पुढं आले. उजवा हात फार हलत होता म्हणून त्यांनी डाव्या हातानं गुरुराजांचा दंड धरला. मिठी वगैरे नाही. गर्दीत म्हातारी माणसं एकमेकांना धरतात, तसा नुसता धरला.

"हात असा का हलतो तुझा?" गुरुराज म्हणाले.

"दोन वर्षं झाली."

"मज कोणी सांगितलं नाही."

इथं अंबुजा पटकन वळली. "हे मी सांगितलें होतें! समोरच्या बाजूला आहे, कमरेपाशी. वाचा. तुम्ही म्हणालात, नाटकं करतो."

कोणीतरी हसलं. मग चंद्रिका टीचरांना कर्तव्याची आठवण झाली आणि त्यांनी भोंग्यातून जाहीर केलं की ह्या घरी एकाच वेळी तिघांची मस्करी झाली असल्यामुळं सगळ्या गल्लीनं कापीला तीनदा यावं. फेरी पुढं सरकली. मेदूवडा कोपऱ्यावर अडकला आणि बाकीच्यांना थांबावं लागलं.

*

त्या दुपारी बालाजीराव वर जेवायला आले. जिना चढायला त्यांना सात मिनिटं लागली आणि मागून येणाऱ्या विश्वेशनं एकदाही हात पुढं केला नाही, कारण केला असता तर त्यांनी झटकला असता. जेवताना दोघं भाऊ रसममधल्या मिठावर बोलले, मग मोटरवर, मग त्या कागदाच्या म्हाताऱ्याच्या नाकावर. गुरुराजांच्या मते ते नाक बालाजीच्या बाजूचं होतं. आवाज चढत गेला. इरा स्वयंपाकघरात विश्वेशला म्हणाली, "पुन्हा भांडतायत की काय?"

"बोलतायत," विश्वेश म्हणाला. मग तो अंबुजाजवळ जाऊन बसला. ती लुगड्यातून टाचण्या काढत होती. "अम्मा, माझं चुकलं. ते दोरीचं."

"बरोबर केलास," ती म्हणाली. "पण गाठी दोनच मारलास." एक टाचणी तिच्या बोटात गेली. तिनं बोट तोंडात घातलं. गुरुराज फेरी संपल्यापासून तिच्याशी एक शब्दही बोलले नव्हते. ते बोलतील की नाही, आणि बोलले तर काय, हे तिला माहीत नव्हतं. बारा वर्षं दोघांचं सगळं तिला आधी कळत आलं होतं. आता ती बसून वाट बघत होती.

बाहेर बालाजीराव म्हणत होते, "जायचं तर आहेच अण्णा. रंजनीनं तिकिटं काढली."

"तिला सांग, पंगुणी महिना लागेपर्यंत तू इथं राहतोस. दोन महिने."

"ती ऐकायची नाही. गोळ्या कोण देणार? दिवसातून पाच वेळा आहेत."

"अंबुजे," गुरुराजांनी हाक मारली.

अंबुजाच्या हातातला डबा सांडला. ती दाराशी आली.

"माझी वही कुठं आहे? पत्रांची." त्यांनी तिच्याकडे पाहिलं. रागानं पाहिलं, पण पाहिलं. "आणि तू जेव आधी. सकाळपासून उभी आहेस."

वही आली. विश्वेशनं फोन लावून दिला. गुरुराजांनी तो कानाला उलटा धरला, मग सुलटा केला. वहीचं नवं पान काढून त्यांनी वर तारीख घातली आणि तिच्याखाली रेघ मारली.

"रंजनी? मी मोठा काका. हो. नाही, कोणास काही झालं नाही. तू बापाच्या गोळ्या सांग, नाव आणि वेळ. मी लिहून घेतो... सकाळी सहा. हं. दहा. दहाची पांढरी की पिवळी?"

"पिवळी," बालाजीराव म्हणाले. "माझ्या गोळ्या मज पाठ आहेत, अण्णा."

"तू गप रे," गुरुराज म्हणाले. "मी तिला विचारतोय."

बालाजीरावांनी ताट जवळ ओढलं आणि डाव्या हातानं भात कालवून घेतला.